तिन्ही मेमो सिस्टरच्याच नावे

ऐरोलीजवळच्या साधारण शंभर खाटांच्या एका रुग्णालयातल्या नव्या इन्चार्ज सिस्टरांनी विचारलंय: ‘आमच्या मेडिसिन वॉर्डात दोन महिन्यांत औषधांच्या तीन चुका झाल्या. एकाला अँटिबायोटिकचा दुपारचा डोस दोनदा गेला. एकाचं इन्सुलिन दुसऱ्याला गेलं. पोटॅशियम घातलेली एक बाटली आठ तासांऐवजी तासाभरात संपली. नशिबाने तिघंही धडधाकट घरी गेले. तिन्ही वेळा सिस्टरला मेमो मिळाला, भिंतीवर पाच राइट्सचा (योग्य पेशंट, औषध, मात्रा, मार्ग, वेळ) तक्ता लागला. आता मॅनेजमेंट म्हणतंय, पुन्हा असं होणार नाही याची लेखी हमी द्या. चुका नक्की कशाने होतात आणि थांबवायच्या कशा?’

सिस्टर, हमी लिहून देऊ नका. तुम्ही चांगल्या मनाने द्याल, आणि पुढच्या चुकीला तोच कागद तुमच्यासमोर ठेवला जाईल.

मी ठाण्यात आणि नवी मुंबईत मिळून अठ्ठावीस वर्षं नर्सिंग केलं, त्यातली शेवटची काही क्वालिटीच्या टेबलावर काढली. मेमो घेतलाय आणि मेमो दिलेतही. तुम्ही सांगितलेली मधली चूक तर माझ्या स्वतःच्या हातून झालेली आहे, म्हणून तिथूनच सुरुवात करते.

ठाण्यातलं एक नर्सिंग होम, ऐन पावसाळा, वॉर्ड तुडुंब. सात नंबरच्या खाटेवर छत गळायला लागलं म्हणून रात्री वॉर्डबॉय मामांनी तिथल्या पेशंटला नऊवर हलवलं आणि खाट कोरड्या कोपऱ्यात सरकवून तिच्यावर जुलाबाचा नवा पेशंट घेतला. फळ्यावरची नावं तशीच राहिली. सकाळी मी सिरिंजवर चिकटपट्टी लावून ‘७’ लिहिलं, सोळा युनिट इन्सुलिन भरलं, खाटेशी गेले आणि विचारलं, ‘पाटील ना?’ म्हातारबाबा म्हणाले, ‘हो.’ ते पाटीलच होते. आपल्याकडे, खाडीच्या अलीकडे काय अन् पलीकडे काय, कुठल्याही वॉर्डात हाक मारून बघा. पाटील, म्हात्रे, भोईर यांतले दोन-दोन तरी उठून बसतात. पाऊण तासाने ते घामाने भिजले, बडबडायला लागले. शुगर ३८. पंचवीस टक्के डेक्स्ट्रोज दिल्यावर डोळे उघडले आणि पहिलं काय मागितलं तर चहा.

मला मेमो मिळाला, ‘निष्काळजीपणा’ असा. मी सही केली. वाद घालण्यासारखं काही नव्हतं, सुई माझ्याच हातात होती. पण खाट कोणी हलवली, फळा कोणी बदलायचा होता, डायबेटिस नसलेल्या माणसाच्या केसपेपरवर इन्सुलिन नाही हे खाटेशी उभं राहून कोणी आणि कधी बघायचं, हे कोणी विचारलंच नाही. पुढच्याच महिन्यात तसाच प्रकार दुसऱ्या सिस्टरकडून झाला. इन्सुलिन नव्हतं, रक्तदाबाची गोळी होती, त्यामुळे गाजावाजा झाला नाही.

जेम्स रीझन नावाच्या ब्रिटिश मानसशास्त्रज्ञाने हे समजावताना भोकं असलेल्या चीजच्या चकत्यांची उपमा दिली होती. आपल्याकडच्या चीजला भोकं नसतात, म्हणून मी ट्रेनिंगमध्ये चाळण्या म्हणते. डॉक्टरांचं लिहिणं ही एक चाळणी, फार्मसी दुसरी, वॉर्डातलं कपाट तिसरं, सिस्टर शेवटची. प्रत्येकीला भोकं असतातच. एकीतून निसटलेला खडा दुसरीत अडकतो, म्हणून एरवी निभावतं. एखाद्या दिवशी सगळी भोकं एका रेषेत येतात आणि खडा थेट पेशंटपर्यंत जातो. आपण तपास करतो तो फक्त शेवटच्या चाळणीचा. तुमचे तिन्ही मेमो सिस्टरच्याच नावे निघाले, ते यामुळेच.

आता तुमची पहिली केस घेऊ, डोस दोनदा गेल्याची. केसपेपर न बघता अंदाज करते, चुकला तर सांगा. औषध आठ तासांनी, म्हणजे सहा-दोन-दहा. तुमच्याकडे सकाळची शिफ्ट दोनला सुटते ना? मग दोनचा डोस नक्की कोणाचा? जाणारी सिस्टर म्हणते, मी देऊन टाकते. देते, पण सही राहते, कारण हँडओव्हर आहे, डिस्चार्जचं बिल अडलंय आणि तिला ठाण्याची ट्रान्स-हार्बर लोकल पकडायचीय. येणारी चार्ट बघते, दोनचा चौकोन रिकामा. तीही देते. दोघींनीही आपापल्या परीने कामच केलेलं असतं. औषधाची वेळ आणि शिफ्टची वेळ एकावर एक बसवली ती आपण, आणि त्याची शिक्षा ज्या सिस्टरची सही सापडते तिला.

यावर आमच्याकडे जे चाललं ते फार साधं होतं. दोनचा डोस जाणाऱ्या सिस्टरचाच, तोही दीडपर्यंत, आणि सही खाटेशी उभं राहून, औषध गेल्याबरोबर. हँडओव्हर स्टेशनवर बसून नाही, चार्ट हातात घेऊन खाटेखाटेशी. रिकामा चौकोन दिसला तर येणारीने जाणारीला तिथल्या तिथे विचारायचं. जाणारी निघून गेली असेल तर फोन करायचा, तोवर डोस थांबवायचा. सुरुवातीला आमच्या मुली वैतागल्या, गाडी चुकते म्हणाल्या. खरंच चुकायची. म्हणून मेट्रनशी, म्हणजे मुख्य सिस्टरशी, भांडून शिफ्टमध्ये पंधरा मिनिटांची ओव्हरलॅप मिळवली. नियम करायचा आणि त्याला लागणारा वेळ द्यायचा नाही, तर लोक तो कागदावर पाळतात. शिफ्टच्या शेवटी एका बैठकीत सगळ्या सह्या ठोकण्याची सवय अशीच लागते. आणि त्याहून वाईट म्हणजे सुरुवातीलाच सगळ्या सह्या करून मोकळं होणं. हेही चालतं, तुम्हाला ठाऊक असेलच.

सकाळच्या सहाच्या डोसाबद्दल थोडं जास्त सांगते, कारण माझ्या अनुभवात वॉर्डातला सगळ्यात धोक्याचा तास तोच. नाईटची सिस्टर दहा तास उभी आहे. साडेपाच ते साडेसातच्या आत तिला शुगर बघायच्या आहेत, ब्लड कलेक्शन करायचंय, बीपी-टेंपरेचर, इनटेक-आउटपुटची बेरीज, ऑपरेशनच्या पेशंटची तयारी, आणि सहाची इंजेक्शनं. मग ती काय करते? एका ट्रेमध्ये आठ-दहा सिरिंजा एकदम लोड करून ठेवते. आत सगळं पाण्यासारखं पारदर्शक. ॲसिडिटीचं रँटिडिन, उलटीचं ऑन्डान्सेट्रॉन, लघवी वाढवणारं फ्युरोसेमाइड, बाहेरून काही फरक नाही. कुणी कागदाच्या टेपवर खाटेचा नंबर लिहितं, कुणी रिकामी ॲम्प्यूल, म्हणजे औषधाची छोटी कुपी, सुईच्या टोपीला अडकवून ठेवतं. मध्येच बेल वाजते, ट्रे टेबलावर ठेवून ती जाते, परत येते तेव्हा एक ॲम्प्यूल घरंगळून दुसऱ्या सिरिंजशेजारी पडलेली असते.

मी एका सकाळी क्वालिटीची वही घेऊन नुसती त्या टेबलाशेजारी उभी राहिले. पहिल्या दहा मिनिटांत सिस्टरला कोणी कोणी थांबवलं ते लिहिलं: चौदा नंबरच्या नातेवाइकांना गरम पाणी कुठे मिळेल ते हवं होतं, लॅबचा मुलगा, कॅज्युअल्टीचा फोन, एक मावशी चादरींचा हिशोब घेऊन, पुन्हा चौदा नंबर. सिडनीतल्या दोन रुग्णालयांत ९८ नर्सेसच्या मागे उभं राहून असाच अभ्यास झाला होता, २०१० मध्ये प्रसिद्ध झाला. औषध देताना प्रत्येक अडथळ्यागणिक चुकांचं प्रमाण साधारण १२ टक्क्यांनी वाढत गेलेलं दिसलं. आपल्याकडे नातेवाईक खाटेशी असतात, तिकडच्यासारखी ठरावीक वेळ नाही. आपला आकडा कमी असण्याचं काही कारण मला दिसत नाही.

काही ठिकाणी औषध देणाऱ्या सिस्टरने ‘बोलू नका’ लिहिलेला रंगीत ॲप्रन घालायचा असतो. आम्ही करून बघितलं. डॉक्टरांनी थट्टा केली, नातेवाइकांना वाटलं पोलिओवाल्या आल्या. उपयोग झाला तो दुसऱ्याच गोष्टीचा. ब्लड कलेक्शन लॅबच्या मुलाकडे सात वाजता ढकललं, सहा ते पावणेसात फोन कॅज्युअल्टीतून थेट वॉर्डात न येता सुपरवायझरकडे, आणि एका मावशींना त्या वेळेत फक्त बेलवर ठेवलं. आणि इंजेक्शन एका वेळी एकाच पेशंटचं, ट्रॉली खाटेपर्यंत नेऊन, ॲम्प्यूलवरचं नाव चार्टशी जुळवून तिथेच भरायचं. सिरिंज हातातून खाली ठेवावी लागलीच तर औषधाचं नाव, मात्रा आणि पेशंटचा नंबर लिहिलेलं लेबल तिच्यावर पाहिजे. लेबल नसलेली सिरिंज थेट फेकायची, मग आत कितीही महागडं औषध असो.

ओळख पटवण्याचं एक वाक्य मुलींना घोटून शिकवा. ‘तुम्ही पाटील ना?’ हा प्रश्नच नाही. ऐकू न येणारा, तापातला, घाबरलेला, सगळेच ‘हो’ म्हणतात. ‘तुमचं पूर्ण नाव सांगा’ असं विचारायचं आणि मनगटावरच्या पट्टीवरचा रजिस्ट्रेशन नंबर चार्टशी जुळवायचा. पुस्तकात जन्मतारीख विचारा म्हणतात. आमच्या आगरी-कोळी आज्या सांगायच्या, ‘मोठा पाऊस झाला त्या वर्षीची.’ म्हणून नंबर. खाटेचा नंबर ही पेशंटची ओळख नाही, हे मी फार महागात शिकले. केरळच्या सिस्टरांना मराठी नवीन असेल तर हे एक वाक्य मराठीत आणि हिंदीत तोंडपाठ करून घ्या.

तुमची तिसरी केस मला सगळ्यात जास्त झोंबली. पोटॅशियम क्लोराइडची आपल्याकडची नेहमीची ॲम्प्यूल १० मिलीची, तिच्यात २० मिलीइक्विव्हॅलंट (पोटॅशियम मोजायचं एकक). ५०० मिलीच्या बाटलीत एक घातली आणि आठ तासांत द्यायची म्हटली, तर मिलीला २० थेंब पडणाऱ्या साध्या सेटवर मिनिटाला साधारण २१ थेंब. तासाला अडीच मिलीइक्विव्हॅलंट, काही धोका नाही. तीच बाटली तासाभरात संपली म्हणजे तासाला २०, आणि वॉर्डात हाताच्या शिरेतून तासाला १० च्या वर जायचं नाही असा सर्वसाधारण दंडक आहे. तुमचा पेशंट बचावला, त्याची किडनी बरी असावी. बाटली अर्ध्या तासात गेली असती तर आज तुम्ही हा प्रश्न वेगळ्या मनःस्थितीत विचारला असता.

मेमोत बहुधा लिहिलं असेल की सिस्टरने रेट सेट केला नाही. मला विचाराल तर आधी शोधा की रोलर, म्हणजे नळीवरचं वेगाचं चक्र, कोणी फिरवला. पेशंट बाथरूमला गेला, हात खाली-वर झाला, सलाइन थांबलं, सोबतच्या भाच्याने चक्र फिरवून ‘चालू’ केलं. किंवा त्याला वाटलं, बाटली लवकर संपली तर लवकर सोडतील. हे आपल्या वॉर्डात रोज होतं, आणि तो भाचा वाईट माणूस नसतो. साध्या सलाइनच्या बाटलीत आणि पोटॅशियमच्या बाटलीत फरक आहे हे त्याला कळणार कसं, तुम्ही तो दाखवला नाही तर? म्हणून पोटॅशियम घातलेल्या बाटलीवर लाल लेबल: काय घातलं, किती, कधी, कोणी. शेजारी कागदी टेपची उभी पट्टी, तिच्यावर तासातासाच्या रेघा: दहाला पाणी इथे, अकराला इथे. सलाइनचा वेग सांभाळणारा पंप असेल तर उत्तमच, पण पट्टीला दोन रुपयेही लागत नाहीत आणि ती नातेवाइकालाही वाचता येते. शिवाय टांगलेल्या बाटलीत पोटॅशियम टोचू नका. ते तळाशी साचतं आणि पहिला घोट घट्ट जातो. बाटली उतरवून घालायचं, उलटसुलट नीट हलवायची, मग टांगायची.

आणि या ॲम्प्यूल्स वॉर्डातल्या उघड्या ट्रेमध्ये ठेवूच नका. काही कंपन्यांची प्लॅस्टिकची पोटॅशियम ॲम्प्यूल आणि डिस्टिल्ड वॉटरची ॲम्प्यूल शेजारी ठेवली तर रात्री तीन वाजता बहिणी वाटतात. अँटिबायोटिक विरघळवायला मी एकदा पाणी समजून पोटॅशियम उचललं होतं. कुपीची मान मोडली, सुई आत घातली, तेवढ्यात शेजारच्या सिस्टरने ‘ते काय घेतलंस’ म्हणून हात धरला. शिरेत थेट गेलं असतं तर हृदय थांबलं असतं. फार्मसीत कुलपात ठेवता आलं तर सर्वांत बरं. ते जमत नसेल तर इन्चार्जच्या कुलपात, मोजून, वेगळ्या लाल डब्यात.

अशी धोक्याची मंडळी मोजकीच आहेत. रक्त गोठू न देणाऱ्या हेपारिनच्या ५ मिलीच्या व्हायल (रबरी बुचाच्या बाटल्या) दोन ताकदीच्या येतात, मिलीला १००० युनिट आणि मिलीला ५०००. एकाच कप्प्यात ठेवल्या की पाचपट चूक तयारच. इन्सुलिनचं तर आपल्या देशाचं खास दुखणं आहे. व्हायलमधलं बहुधा मिलीला ४० युनिटचं, पेनच्या कार्ट्रिजमधलं १०० चं. ४० ची सिरिंज लाल टोपीची, १०० ची नारिंगी. पेन बिघडलं म्हणून कार्ट्रिजमध्ये लाल टोपीची सिरिंज खुपसून दहाच्या खुणेपर्यंत ओढलं, तर पेशंटला जातात २५ युनिट. हे करताना मी डोळ्यांनी पाहिलंय, आणि करणारी मुलगी हुशार होती. ऑपरेशनच्या भुलीत वापरायचं ॲट्राक्युरियम इन्सुलिनप्रमाणेच फ्रिजमध्ये राहतं, ते वॉर्डाच्या फ्रिजमध्ये कधीच नको. त्याने श्वासाचे स्नायू लुळे पडतात.

दोन सिस्टरांनी तपासायचा नियम फक्त याच मंडळींना लावा. सगळ्याच औषधांना लावलात तर ‘ये गं, एक सही कर’ एवढंच उरतं. आणि तपासायचं म्हणजे पहिलीने उत्तर सांगून दुसरीने मान डोलवणं नव्हे. दुसरीने कोरा कागद घेऊन हिशोब स्वतः करायचा, मग दोन्ही उत्तरं जुळवायची.

वरच्या चाळण्यांकडेही बोट दाखवायला हवं, नाहीतर सगळं पुन्हा नर्सिंगवर येतं. औषधाचं जेनेरिक नाव सुवाच्य, शक्यतो कॅपिटल अक्षरांत लिहा, हे मेडिकल कौन्सिलने २०१६ मध्येच नियमात घातलंय. तुमच्या वॉर्डात किती जण पाळतात ते तुम्हीच बघा. दशांशाचा ठिपका फिकट पडला की १.० चे १० होतात, म्हणून पूर्ण आकड्यानंतर ठिपका-शून्य नको. अर्धा असेल तर ठिपक्याआधी शून्य हवंच. युनिट हा शब्द पूर्ण लिहायचा, नुसतं इंग्रजी यू अक्षर घाईत शून्यासारखं दिसतं. आणि अलीकडचा मोठा ताप म्हणजे व्हॉट्सॲप. वॉर्डाच्या ग्रुपवर दोन पेशंटचे रिपोर्ट एकापाठोपाठ टाकलेले, खाली सरांचा मेसेज, ‘हे बंद, ते सुरू, डोस डबल.’ कुणाचा? आमच्याकडे नियम होता: मेसेजवरची ऑर्डर ही ऑर्डर नाही. आरएमओने, म्हणजे वॉर्डातल्या निवासी डॉक्टरांनी, सरांना फोन करायचा, ऐकलेलं पुन्हा वाचून दाखवायचं, चार्टवर लिहायचं, मग औषध. अगदी जीवावरचा प्रसंग तेवढा अपवाद, आणि तेव्हाही वाचून दाखवणं सोडायचं नाही.

तुमच्या रुग्णालयात औषधं नातेवाईक बाहेरून आणत असतील तर अजून एक भोक. चिठ्ठीवर एक ब्रँड, दुकानदाराने दिला दुसरा, ‘तेच आहे’ म्हणत. वॉर्डात दोन्ही नावांनी तीच गोळी सुरू. त्यात पेशंटच्या उशाखाली घरची पिशवी, तो स्वतःच्या हाताने रक्तदाबाची तीच गोळी सकाळी घेतोय. भरतीच्या दिवशी ती पिशवी मागून घ्या, प्रत्येक पाकीट चार्टशी लावा, आणि पिशवी घरी पाठवा. जागतिक आरोग्य संघटनेने २०१७ मध्ये औषधांमुळे होणारी टाळता येण्याजोगी गंभीर इजा पाच वर्षांत निम्म्यावर आणायची मोहीम काढली, तेव्हा तीनच गोष्टींवर बोट ठेवलं होतं: धोक्याचे प्रसंग, एका माणसाला खूप औषधं, आणि पेशंट एका हातातून दुसऱ्या हातात जाण्याची वेळ. ही पिशवी म्हणजे मागच्या दोन्ही गोष्टी एकत्र. डिस्चार्जलाही तेच. संधिवातासाठीची मेथोट्रेक्सेट आठवड्यातून एकदा घ्यायची गोळी, लोक रोज घेतात आणि तोंडात फोड, रक्तपेशी घटलेल्या अवस्थेत परत येतात. कागदावर ‘फक्त सोमवारी’ असं वार घालून लिहा.

बारकोड, कॉम्प्युटरवरचा चार्ट, स्मार्ट पंप, हे सगळं चांगलंच आहे. पैसे असतील तेव्हा मागा. त्यासाठी थांबू नका.

चूक झालीच तर आधी पेशंट, मग डॉक्टर, मग कागद. रिकामी व्हायल, सिरिंज, बाटली टाकून देऊ नका. केसपेपरवर व्हाइटनर लावू नका. जे झालं ते वेळ घालून लिहा, का झालं याची मतं लिहू नका. नातेवाइकांना सांगायचं ते डॉक्टरांनी, सिस्टरला एकटीला पुढे करून नाही. त्यांना दुसऱ्या कुणाकडून कळलं की मग वॉर्डाच्या काचा फुटतात.

आणि एक वही ठेवा, साधी, लाल पुठ्ठ्याची, औषधांच्या कपाटाच्या खणात. नाव लिहायचं नाही. होता होता राहिलं ते लिहायचं. आमच्या वहीतल्या काही नोंदी अजून पाठ आहेत: ‘दोन म्हात्रे शेजारी शेजारी, गोळी कपात ओतली होती, पण गोळीचा रंग बघून पेशंटच म्हणाला माझी नाही.’ ‘पॅरासिटामॉलचे ड्रॉप्स सिरपच्या मापाने देणार होते, आई ओरडली.’ पहिल्या महिन्यात वही कोरी होती. मग मी स्वतःची पोटॅशियमची गोष्ट पहिल्या पानावर लिहिली, खाली सही केली. नंतर ती भरायला लागली. मॅनेजमेंटला सांगून ठेवा की नोंदी वाढतील, आणि वाढल्या म्हणून कुणाला मेमो काढलात तर वही त्या दिवसापासून बंद.

हमीच्या जागी त्यांना हे द्या: तिन्ही केसपेपर पुन्हा काढून, मेमो मिळालेल्या तिघींना शेजारी बसवून, त्या दिवशी वॉर्डात किती पेशंट होते, खाटेवर कोण होतं, फळ्यावर काय होतं, चार्टवर काय होतं आणि बेल कितीदा वाजली, एवढं लिहिलेलं एक-एक पान. इन्सुलिनच्या केसमध्ये खाट हलवली होती का, ते मला नक्की कळवा.